वरून विस्तव: बेबिंकेचा गोवा

आजची भटकंती गोव्याची आहे, पण समुद्रकिनाऱ्यांना आज सुट्टी. आज जायचे ते बेकऱ्यांच्या गोव्यात, आणि निमित्त आहे बेबिंकेचे. कोकणीत तिला बिबिक म्हणतात. नाताळ असो, लग्न असो, घरी कोणी परदेशातून आलेले असो, गोव्यातल्या ख्रिस्ती घरात जेवणानंतर ती बशीत येते. पातळ कापलेली फोड, कडेने पाहिले तर एकाखाली एक तांबूस आणि पिवळसर रेघा. पहिल्यांदा खाणारा तिला केक समजतो. चवीने आणि पोताने मात्र ती केकपेक्षा खरवसाच्या जवळची आहे.

साहित्य ऐकले तर वाटेल, यात काय मोठेसे! नारळाचे दाट दूध, अंड्यांचे बलक, साखर, थोडा मैदा, तूप, चिमूटभर मीठ आणि किसलेले जायफळ. फुगवणारे काहीच नाही. ना यीस्ट, ना सोडा. हे सगळे मिसळून पळीवाढे मिश्रण करायचे, गुठळी राहू नये म्हणून गाळून घ्यायचे. इथवर कोणालाही जमते. खरी परीक्षा पुढे आहे.

भांड्यात चमचाभर तूप तापवायचे, त्यावर एक पळी मिश्रण ओतायचे. थर आळला, त्याच्यावर तांबूस डाग पडले, की पुन्हा चमचाभर तूप आणि पुन्हा एक पळी मिश्रण. पहिला थर खालच्या आचेवर निभावून जातो. पण दोन-तीन थर झाले की खालची आच नव्या थरापर्यंत पोहोचत नाही, आणि पोहोचवायला जावे तर तळ करपतो. म्हणून बेबिंकेला विस्तव वरून लागतो. पूर्वी यासाठी तिझाल नावाचे मातीचे भांडे वापरत आणि त्याच्यावर नारळाच्या सोडणांचे व करवंट्यांचे निखारे ठेवत. निखारे उचलायचे, थर बघायचा, तूप सोडायचे, मिश्रण घालायचे, निखारे परत ठेवायचे. एका थराला दहा ते पंधरा मिनिटे धरली, तर सात थरांना सव्वा ते पावणेदोन तास आणि सोळा थरांना पावणेतीन ते चार तास जातात. तेवढा वेळ कोणीतरी चुलीपाशी बसून राहायला हवे. आता बेकरीत आणि घरातही ओव्हनची वरची कॉइल हे काम करते. पण थर एकेकच घालावा लागतो, त्यात सवलत नाही.

बेबिंकेच्या वाटेवरचा पहिला थांबा अशा जागी आहे, जिथे आज काहीच भाजले जात नाही. जुन्या गोव्यात सांता मोनिका हा ननांचा जुना मठ आहे. १६०६ मध्ये त्याचा पाया घातला आणि १६२७ मध्ये बांधकाम पुरे झाले. आत आता ख्रिस्ती कलेचे संग्रहालय आहे. गोव्यात सर्रास सांगितली जाणारी कथा अशी की इथल्या बिबियाना नावाच्या सिस्टरने ही मिठाई पहिल्यांदा केली. मठातल्या कपड्यांना खळ द्यायला अंड्यांचा पांढरा भाग वापरत, आणि उरलेल्या बलकांचे करायचे काय म्हणून हा पदार्थ निघाला. थर सात, कारण लिस्बनच्या टेकड्या सात. पाद्र्यांना तो तुकडा फारच लहान वाटला, म्हणून थर वाढले. कथा गोड आहे, पण ती कथाच. पांढऱ्या भागाची खळ आणि उरलेले बलक ही गोष्ट पोर्तुगालमधल्या मठांच्या जवळजवळ प्रत्येक मिठाईबद्दल सांगतात. तिकडे मठातली मिठाई पुढे बाजारात आली: १८३४ मध्ये पोर्तुगालने धार्मिक संघ बरखास्त केले, आणि लिस्बनच्या जेरोनिमोस मठातल्या पाककृतीने केलेल्या नातांचे, म्हणजे कस्टर्डच्या टार्टचे, दुकान १८३७ मध्ये जवळच्या बेलेंमध्ये सुरू झाले. ते आजही चालते. गोव्याची बेबिंका मात्र दीर्घकाळ घरची राहिली आणि सणाची राहिली.

तिच्या कुळातली मंडळी पूर्वेकडेही पसरलेली आहेत. फिलिपिन्समध्ये बिबिंग्का नावाचा तांदळाचा केक केळीच्या पानावर, वर आणि खाली निखारे ठेवून भाजतात, आणि तोही नाताळातच. इंडोनेशियात लापिस लेगित थराथरानेच भाजतात. मकावमध्ये दुधाची बेबिंका आहे. चक्रीवादळांच्या यादीत मकावने तिचेच नाव दिले, म्हणून सप्टेंबर २०२४ मध्ये शांघायवर धडकलेल्या वादळाचे नाव बेबिंका होते! १९४९ नंतर त्या शहराने इतके जोरदार वादळ पाहिले नव्हते. इतक्या सौम्य पदार्थाच्या वाट्याला ही कीर्ती यावी, याची गंमत वाटते.

आता पणजी. बसस्थानकावरून खाडी ओलांडली की फोंतेन्हासच्या गल्ल्या सुरू होतात. पिवळी, निळी, गेरूच्या रंगाची घरे, आणि सेंट सेबॅस्टियनच्या चॅपेलमध्ये उघड्या डोळ्यांचा क्रूसावरचा येशू. याच वस्तीत ३१ जानेवारी नावाचा रस्ता आहे. पोर्तो शहरात ३१ जानेवारी १८९१ रोजी प्रजासत्ताकवाद्यांनी उठाव केला, त्याची ती आठवण. पोर्तुगीज राज्य १९६१ मध्ये गेले, रस्त्याचे नाव राहिले आणि ते एका बेकरीलाही चिकटले: कोन्फेतारिया ३१ द जानेरू. १९३०च्या सुमारास सुरू झालेली ही बेकरी शोधावी लागते. दुकान छोटे, गल्ली अरुंद. बेबिंका इथे तुकड्यानेही घेता येते, आणि ते फार सोयीचे. अख्खी घेण्याआधी चाखून पाहावी. सोबत बोलिन्हा घ्यावी. खोबरे आणि रव्याची, वरून काट्याने रेघा ओढलेली ही बिस्किटे चहाबरोबर बेबिंकेपेक्षा जास्त शोभतात.

तिथून पायी पालिका उद्यानापर्यंत आले की मिस्टर बेकर. नावातच साल आहे, १९२२. शंभरी ओलांडलेले दुकान पणजीच्या अगदी मध्यात टिकून आहे, हे विशेष. या दोन दुकानांतली बेबिंका एकाच दिवशी खाऊन बघण्याजोगी असते. साहित्य तेच असले तरी प्रत्येक भट्टीचा हात वेगळा. कोणी साखर जाळून मिश्रणाचा एक भाग गडद करतो, म्हणजे रेघा ठळक दिसतात. कोणी रंग फक्त आचेवर सोपवतो. दिसायला जाळलेल्या साखरेची देखणी, पण जायफळ आणि नारळ जिभेवर स्पष्ट यायचे असतील तर नुसत्या आचेवर रंगलेलीच बरी.

उत्तरेला म्हापसा. शुक्रवारचा बाजार भरलेला असताना तिथे जावे. चपट्या टोपल्यांतल्या मिरच्या, सुके मासे आणि चोरीसाच्या माळांच्या पलीकडे बेकरीच्या मालाची दुकाने लागतात. इथे बेबिंका एकटी नसते. शेजारी दोदोल असतो: तांदळाचे पीठ, नारळाचे दूध आणि माडाचा काळा गूळ ढवळून ढवळून केलेला, चकचकीत आणि लवचिक. तो गूळही याच बाजारात मिळतो, काळ्याभोर सुळक्यांच्या आकारात. चण्याच्या डाळीचे दोस असते, पेरूची वडी म्हणजे पेराद असते. बलक बेबिंकेत गेले तर पांढऱ्याचे काय, असा प्रश्न कोणा चौकस गृहिणीला पडला असेल, तर त्याचे उत्तर काचेच्या बरणीत दिसते: साखर घालून फेटून मंद आचेवर वाळवलेली पांढरीशुभ्र, तोंडात विरघळणारी मेरेंग.

मांडवी आणि झुवारी ओलांडून दक्षिणेला गेले की गोष्ट मिठाईची कमी आणि पावाची जास्त होते. सासष्टीतल्या माजोर्डा गावाने गोव्याला पाव भाजायला शिकवले असे मानतात. जेझुइट पाद्र्यांनी इथल्या लोकांना पाव शिकवला. यीस्ट मिळेना तेव्हा माडाची सूर, म्हणजे माडी, घालून पीठ आंबवले. पाव भाजणारा तो पदेर. आजही पहाटे सायकलवर पाटी, भोंग्याचा पों-पों, आणि पाटीत कुरकुरीत उंडे, कोंडा लावलेली पोई, बांगडीसारखे गोल कांकण. हेच पदेर पुढे मुंबईला गेले. भायखळ्यात १९०८ मध्ये सुरू झालेली अमेरिकन एक्स्प्रेस बेकरी गोव्याच्याच कार्व्हालो कुटुंबाची.

पदेराच्या लाकडाच्या भट्टीचा गावाला आणखी एक उपयोग होता. नाताळाच्या आधी घरोघरची बायामाणसे खोबरे-रव्याच्या बातकाचे साचे घेऊन भट्टीवर येत. पाव निघाल्यावर भट्टीत जी धग उरे, तिच्यावर केक भाजून मिळे. बेबिंका मात्र अशी भट्टीवर सोडून येता येत नसे. दर दहा-पंधरा मिनिटांनी तिच्याकडे कोणीतरी बघायला हवे, आणि गावभरचा पाव भाजणाऱ्या पदेराला तेवढी उसंत कुठली? त्यामुळे बातक भट्टीत गेला आणि बिबिक घरच्या तिझालीत राहिली. पुढे घरातली माणसे नोकरीला, बोटीवर, आखातात गेली. चुलीपाशी अर्धा दिवस बसणारे कोणी उरले नाही, तेव्हा कुठे ती दुकानात आली. आज गोव्यातली पुष्कळ कुटुंबेही नाताळची बेबिंका विकतच घेतात. काही बायका घरी करून ओळखीपाळखीत विकतात. बेकरीवाल्यांनी रागावू नये, पण सर्वांत चांगली बेबिंका बरेचदा अशाच घरातून येते.

सासष्टीत आलेच आहात तर लोटलीला वाकडी वाट करावी. व्यंगचित्रकार मारियो मिरांडांचे हे गाव. इथली जिला बेकरी प्रसिद्ध आहे ती एक्लेअरसाठी, बेबिंकेसाठी नाही, तरी तिच्यावाचून ही भटकंती अपुरी राहील. माल लवकर संपतो, म्हणून सकाळीच जावे. मडगावात पालिकेच्या इमारतीसमोर लोंगिनोस आहे, १९५० सालचे. तिथे दमल्या पायांनी बसून चहा आणि पॅटिस घ्यावे. एव्हाना गोड पुरे झालेले असते.

२०२३ मध्ये गोव्याच्या बेबिंकेला भौगोलिक मानांकन मिळाले. गोव्यातल्या बेकरी आणि कन्फेक्शनरीवाल्यांच्या संघटनेने त्यासाठी अर्ज केला होता. त्याच सुमारास मानकुराद आंब्यालाही ते मिळाले. जत्रेतल्या खाज्याला त्याआधीच मिळाले होते, म्हणजे देवळाच्या जत्रेची आणि नाताळाची, दोन्ही मिठाया आता सरकारदरबारी नोंदलेल्या आहेत. मानांकनाने नावाला संरक्षण मिळते. प्रत्येक डबा चांगला निघेल याची हमी त्यात नसते, आणि ते गिऱ्हाइकाने जाणून असावे. विमानतळापासून सुपरमार्केटपर्यंत सगळीकडे बेबिंकेचे हवाबंद डबे रचलेले असतात. काही ठीक असतात. काहींत तुपाच्या जागी डालडा असतो आणि नारळाचा नुसता वास.

ओळखायची कशी? कापलेल्या कडेला थर सरळ आणि पातळ हवेत. बोटाने हलकेच ओढले तर एकेक थर सुटायला हवा. सगळे एकजीव झाले असतील, तर थर नीट न आळताच पुढची पळी ओतलेली असते. वरचा थर तांबूस हवा, काळा नको. हाताला तूप लागावे, पण कागदावर तेलाचे तळे नको. आणि थरांची संख्या मोजत बसू नये; सात चांगले भाजलेले थर सोळा कच्च्या थरांपेक्षा केव्हाही सरस. भाव मात्र थरांबरोबर चढतो, कारण वेळ चढतो.

डिसेंबरात जाणार असाल, तर बेकरीत आधी सांगून ठेवावे. नाताळाच्या आठवड्यात ऐनवेळी मिळेलच असे नाही. विकत घेताना कधी भाजली ते विचारावे. साखर आणि तुपामुळे ती प्रवासात टिकते, मडगावहून रात्रीच्या गाडीने मुंबईला किंवा पुण्याला न्यायला हरकत नाही. घरी आल्यावर फ्रिजमध्ये ठेवावी, पण गार खाऊ नये. पातळ फोड कापून किंचित कोमट करावी, म्हणजे तूप सुटते आणि जायफळ जागे होते. सोबत व्हॅनिला आइस्क्रीम देण्याची हॉटेलांची पद्धत आहे. मुलांना ते आवडते, म्हणून चालू द्यावे. श्रोत्यांपैकी जे अंडे खात नाहीत त्यांनी म्हापशाहून दोदोल आणावा. त्यात अंडे नसते, आणि माडाचा गूळ भरपूर असतो.