वस्त्र आणि लाज

श्रोतेहो, जुन्या गढ्या-वाड्यांच्या आवारांत विवस्त्र राहून सुटी घालविणारे लोक युरोपांत आहेत, हें ऐकून आपणांपैकीं कित्येकांस हसूं येईल. परंतु अशा लोकांची पहिली ज्ञात मंडळी युरोपांत नव्हे, तर आपल्या ठाण्यास निघाली होती. तेथील जिल्हा न्यायाधीश चार्ल्स क्रॉफर्ड ह्यांनीं १८९१ सालीं ती स्थापिली. सभासद अवघे तीन! सवड सांपडली कीं माथेरानीं जाऊन ते वस्त्रें उतरवून राहत. पुढें क्रॉफर्डसाहेबांची रत्नागिरीस बदली झाली व मंडळी मोडली. एडवर्ड कार्पेंटर ह्या इंग्रज ग्रंथकारास त्यांनीं लिहिलेल्या पत्रांवरून ही हकीकत आज कळते.

१९३० च्या सुमारास फ्रान्समध्यें कियेने द मोंजो ह्यांच्या स्पार्टा-क्लबाचे स्त्रीपुरुष सभासद गारांबुव्हिल येथील शातोंत, म्हणजे सरदारी गढींत, जमूं लागले. ऊन, वारा आणि व्यायाम हा तेथील कार्यक्रम. अशा मंडळीस जुन्या गढीचें आवार सोयीचें, कारण परकी नजर तेथें पोंचत नाहीं. इकडे मुंबईस र. धों. कर्वे ह्यांनीं १९२७ सालीं 'समाजस्वास्थ्य' मासिक काढलें आणि नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे, हें मत निर्भयपणें मांडलें.

मी स्वतः ह्या पंथाचा नाहीं. तरीहि एक गोष्ट सांगितल्यावांचून राहवत नाहीं. मी नवा मास्तर असतांना आमच्या पालीस बिंदुसरेच्या पाण्यांत एक विद्यार्थी उघडाच पोहतांना दिसला. मीं त्यास चारचौघांत "निर्लज्जा!" म्हणून झिडकारलें. दुसऱ्या दिवशीं तो शाळेंत आला नाहीं. घरीं गेलों तेव्हां त्याची आई म्हणाली, "गुरुजी, एकच जोड हाय त्याला. भिजला तर साळंत काय घालावं, म्हून काढून ठिवतो."

ज्यास वस्त्रें आहेत, तो हौसेनें तीं उतरवितो व त्यास तत्त्वज्ञान म्हणतो. ज्यास नाहींत, त्यास आपण निर्लज्ज म्हणतों! त्या पोराला नदीकांठीं गढीची भिंत नव्हती, आणि माझी नजर येईपर्यंत तिची गरजहि नव्हती. पुढें तो शाळेंत परतला. पण पुन्हा कधीं पोहतांना मला दिसला नाहीं. तेव्हां श्रोतेहो, कोणाच्या उघड्या अंगास हसण्यापूर्वीं, त्याची ती हौस आहे कीं गरज, एवढें तरी आपण विचारावें.