चार शब्द आणि लाखो घरं

कायद्यातल्या चार शब्दांवर लाखो घरांचं औषधपाणी अवलंबून असू शकतं. अमेरिकेत २०१५ साली नेमकी तीच वेळ आली होती.

तिथल्या २०१० च्या आरोग्यविमा कायद्यात एक तरतूद होती. ‘राज्याने स्थापन केलेल्या’ विमाबाजारातून विमा घेणाऱ्याला हप्त्यासाठी सरकारी मदत मिळणार होती. मूळ इंग्रजीत हे चार शब्द. पण ३४ राज्यांनी असा बाजार उभारलाच नव्हता; तिथे तो केंद्र सरकारने उभारला. मग तिथल्या गरजूंची मदत बंद करायची का? हा वाद कोर्टात गेला.

मिशिगन विद्यापीठातले कायद्याचे प्राध्यापक निकोलस बॅग्ली यांनी लेखांतून ठामपणे मांडलं, की कायदा समग्र वाचायचा असतो. २५ जून २०१५ रोजी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी ती मदत कायम ठेवली.

पुढे २०१९ मध्ये बॅग्ली यांनी सरकारी कारभारातल्या प्रक्रियेच्या अट्टहासावर दीर्घ निबंध लिहिला. सूचना, हरकती, अहवाल, कोर्टबाजी यांचे थर वाढले म्हणजे कारभार चोख होतोच असं नाही, हे त्यांचं म्हणणं. उलट सरकारचे हात बांधले जातात आणि वकील लावण्याची ऐपत असलेल्यांचंच फावतं.

हा विचार मोलाचा आहे. नियम हवेतच; पण आजारी माणसापर्यंत मदत वेळेवर पोचली का, हीच कोणत्याही आरोग्य कायद्याची खरी कसोटी.