मुक्या चित्रांतल्या बातम्या



माझे शिक्षण सातवीपर्यंतचे, भाषणाची सवय नाही. पण मंडळाचा आग्रह पडला, म्हणून मुक्या बातमीपटांविषयी वाचले-पाहिले तेवढे सांगते.

मुंबईत सिनेमा पहिल्यांदा दाखवला तो ७ जुलै १८९६ रोजी, वॉटसन हॉटेलात. तिकीट एक रुपया! पुढे नॉव्हेल्टी थिएटरात खेळ झाले, तेव्हा पडद्यातल्या बायकांसाठी वेगळी जागा राखली होती. म्हणजे आपल्याही पणज्यांना हे नवल पाहायचेच होते.

त्या काळचे फोटोग्राफर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला. केंब्रिजला गणितात पहिले आलेले रँग्लर परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मुंबईस परतले, ते स्वागत सावेदादांनी टिपले. आपल्या देशातला पहिला बातमीपट हाच मानतात. पुढे १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी घेतला, पण मला कौतुक पहिल्याचे. राजा नव्हे, सरदार नव्हे, दापोलीकडच्या खेड्यातला शिकलेला मुलगा! ती फीत मात्र आज पाहायला मिळत नाही.

दुसरी एक फीत टिकली आहे. ती मुलाने मला मोबाईलवर दाखवली. ४ जून १९१३, इंग्लंडात एप्सम येथे घोड्यांची शर्यत. घोडे भरधाव येतात, आणि एक बाई कठड्याखालून धावपट्टीत शिरते. राजाचाच घोडा तिच्यावर आदळतो. आवाज काही नाही, माणसे नुसती धावताना दिसतात. त्या एमिली डेव्हिसन. बायकांना मत मिळावे म्हणून झगडणाऱ्या. चार दिवसांनी त्या गेल्या. कॅमेरे लावले होते शर्यतीसाठी. बाई त्यांत आल्या, म्हणून दिसल्या. तिथे सगळ्या बायकांना पुरुषांच्या बरोबरीने मत मिळायला १९२८ साल उजाडले. आपल्याकडे १९५१-५२ च्या पहिल्याच निवडणुकीत ते मिळाले.

मुक्या पटात मधून मधून अक्षरांची पाटी येई, त्यावरून कोण, कुठले ते कळे. पाटी नसली तर नुसते चेहरे.

आज इथे जामसरला चार-पाच मोबाईल चित्रण करीत आहेत, सगळे या व्यासपीठाकडे तोंड करून. पाहुण्यांचे हार झाले, माझेही झाले. पहाटेपासून नागलीच्या भाकरी थापणाऱ्या आपल्या चौघी मागे चुलीपाशी आहेत. मुलींनो, एक मोबाईल तिकडे न्या, आणि त्यांची नावे विचारून वहीत लिहा.