दिवसा रात्र करणारी वास्तू



व्याख्यानमालेची ही वेळ मोठी नामी आहे. पश्चिमेकडे अजून थोडा उजेड आहे, मंडपातले दिवे नुकतेच लागले आहेत, आणि दिवस संपला की रात्र सुरू झाली, हे कोणालाच नक्की सांगता येणार नाही. दिवस आणि रात्र यांची अदलाबदल करू पाहणाऱ्या एका इमारतीविषयी बोलायला याहून सोईची घटका कोणती?

ही इमारत कोठे आहे, असे श्रोत्यांपैकी कोणी विचारील. ती कोठेच नाही. ती बांधलीच गेली नाही. पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात तिची चित्रे तेवढी जपून ठेवली आहेत. ती काढणाऱ्याचे नाव एत्येन-लुई बुले. १७८४ साली, वयाच्या छप्पन्नाव्या वर्षी, त्याने आयझॅक न्यूटनसाठी एक समाधी कल्पिली. न्यूटनचा देह तर १७२७ पासून लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत विसावलेला. तेव्हा ही समाधी रिकामी. आपल्याला यात नवल वाटायचे कारण नाही. वानवडीची शिंद्यांची छत्री आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिली आहे, आणि छत्रीत देह शोधायचा नसतो हे आपण जाणतो.

हा बुले मुळात चित्रकार व्हायचा. वडिलांनी त्याला वास्तुविद्येकडे वळवले. त्याने श्रीमंतांची घरे बांधली, शिष्य तयार केले, अकादमीचे सभासदत्व मिळवले. पण चित्रकार काही मेला नाही. उतारवयात तो अशा इमारती काढू लागला, की ज्यांना गिऱ्हाईक नाही, जागा नाही आणि ज्यांच्या खर्चाचा अंदाजही कोणी करू धजू नये.

न्यूटनची समाधी म्हणजे एक प्रचंड गोल. व्यास सुमारे १५० मीटर. विजापूरचा गोल घुमट बाहेरून सुमारे ४४ मीटर रुंद आहे. तसे तीन घुमट शेजारी शेजारी ठेवले, तरी बुलेच्या गोलात जागा उरेल. गीझाच्या थोरल्या पिरॅमिडची मूळची उंचीही याहून किंचित कमीच भरते. दगड-चुन्याच्या त्या काळात एवढी पोकळी कोणाच्या हातून उभी राहणे शक्य नव्हते. गोलाचा खालचा भाग वर्तुळाकार बैठकीत बसवलेला, बैठकीवर सुरूच्या झाडांच्या रांगा, आणि पायथ्याशी माणसे काढली आहेत ती मुंगीएवढी.

आत शिरायचे ते एका लहानशा दारातून, अंधाऱ्या लांब भुयाराने. भुयार संपते ते गोलाच्या तळाशी. तेथे एक शवपेटी, आणि दुसरे काही नाही. खांब नाही, मूर्ती नाही, कोपरा नाही. सभोवार वाकत गेलेली भिंत. ती कोठे संपते हे नजरेला कळत नाही. पाहणाऱ्याने मान वर केली की दिसते चांदण्यांनी भरलेले आकाश. बाहेर भर दुपार असावी आणि आत मध्यरात्र! यात जादू नाही. घुमटाला आरपार भोके ठेवलेली. सूर्याचा प्रकाश त्यांतून झिरपतो आणि प्रत्येक भोक तारा होऊन बसते. रात्री याच्या उलट. मध्यभागी टांगलेले एक भव्य गोलयंत्र, आपल्या जुन्या ज्योतिष्यांजवळ असे तसलेच कड्यांचे यंत्र, प्रकाशाने झगमगू लागते. आणि बाहेर काळोख पडला की आत दिवस उजाडतो.

हे कशासाठी? बुलेचे म्हणणे असे, की न्यूटनला त्याच्याच शोधाने वेढून टाकावे. १७८४ च्या पॅरिसमध्ये संताचा पुतळा किंवा देवदूताचे पंख न वापरता एका गणित्याची समाधी रचायची, हे धाडस लहान नव्हते. अवघ्या विश्वाचे सूत्र ज्याने सांगितले, त्याला विश्वाएवढेच घर हवे. आणि दिवस-रात्र होतात त्या नियमाने होतात, हे ज्याने दाखवले, त्याच्या घरी दिवस-रात्र माणसाच्या हुकमाने व्हाव्यात. कल्पना मोठी खरी.

परंतु आमचे मन येथे थोडे अडते. या घुमटातले तारे दगडात कोरलेले आहेत. ते उगवत नाहीत, मावळत नाहीत. तेथे तासभर बसा, रात्रभर बसा (म्हणजे दिवसभर बसा), सप्तर्षी जागचे हलणार नाहीत. बुलेने दिवसाची रात्र केली एवढेच नव्हे, त्याने काळच थांबवला. आणि तो कोणाच्या समाधीवर? ज्याने जन्मभर गतीचा विचार केला, ग्रह का फिरतात ते सांगितले, त्याच्या डोक्यावर न फिरणारे आकाश! बुलेला हे दिसले नसेल काय? आम्हांस वाटते, दिसले असावे आणि चालले असावे. कारण समाधीला काळ थांबलेलाच शोभतो. तो चित्रकाराचा निर्णय आहे. न्यूटनने तो मान्य केला नसता.

तरीही एक गंमत पाहा. बाहेरचा काळ पुरता कोंडता येत नाही. सूर्य पूर्वेला असताना पूर्वेकडचे तारे तेजाळ, तिसऱ्या प्रहरी पश्चिमेकडचे. बाहेर ढग आले, की आतले आकाशही झाकोळलेच! चित्रात हे दाखवलेले नाही, पण भोके आहेत म्हटल्यावर ते ओघाने आलेच.

काळाला हात घालण्याची लहर एकट्या बुलेची नव्हती. त्याच्या हयातीतच फ्रान्समध्ये क्रांती झाली. १७९३ साली सरकारने दिवसाचे दहा तास, तासाची शंभर मिनिटे आणि दहा दिवसांचा आठवडा ठरवला. दहा तासांची सक्ती १७९५ सालीच मागे घ्यावी लागली. पंचांग १८०५ संपेपर्यंत कसेबसे टिकले. लोकांना सुट्टी सातव्या दिवसाऐवजी दहाव्या दिवशी मिळू लागली, तेव्हा ते कितीसे खूश होणार! आपल्याकडे १९०६ साली प्रमाणवेळ आली, तेव्हा मुंबईनेही आपली ३९ मिनिटे सहजी सोडली नाहीत. मुंबईची वेळ १९५५ पर्यंत टिकून होती. कायद्याने काळ बदलू पाहणाऱ्यांपेक्षा कागदावर बदलणारा बुले आम्हांस निरुपद्रवी वाटतो.

तो १७९९ साली वारला आणि आपली चित्रे राष्ट्राला देऊन गेला. वास्तुकलेवर लिहिलेला त्याचा निबंध छापून निघायला १९५३ साल उजाडले. त्याने बांधलेल्या घरांपैकी बहुतेक आज नाहीत. न बांधलेले घुमट मात्र शाबूत आहेत.

आणि ते थांबलेले आकाश? १९२३ साली म्युनिकमध्ये झाइस कारखान्याच्या यंत्राने पांढऱ्या घुमटावर तारे पाडले, आणि ते तारे फिरले. एका दिवसाची रात्र काही मिनिटांत, वर्षाचे ऋतू एका बैठकीत. पुण्यात न्यू इंग्लिश स्कूलमध्ये १९५४ सालीच असे तारांगण आले, मुंबईत १९७७ साली वरळीला. आपली मुले तेथे सहलीला जातात, अंधार होताच एकमेकांना चिमटे काढतात, आणि मग पहिला तारा लागला की गप्प होतात. बाहेर पडल्यावर उन्हाने डोळे दिपतात आणि किती वाजले हे कोणालाच आठवत नाही. परवा असाच एक मुलगा आम्हांस विचारत होता, की आत जी रात्र गेली ती मोजायची की नाही.