स्वतःची गाडी, स्वतःचा खर्च
(मंडळाच्या कार्यक्रमात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मी शिक्षणाने कॉम्प्युटर इंजिनियर, पेशाने आयटी कन्सल्टंट. मोटरसायकल रेसिंगवर हा काय बोलणार, असं वाटलं असेल. पण मला वेगापेक्षा हिशेबाबद्दल बोलायचंय.

अमेरिकेतल्या रोड रेसिंगमध्ये दोन तऱ्हेचे रायडर असतात. एक कंपनीचा. त्याची गाडी, मेकॅनिक, टायर, सगळं कंपनी बघते. दुसरा 'प्रायव्हेटियर'. गाडी स्वतःची, नाहीतर एखाद्या डीलरने दिलेली. प्रवेश फी, टायर, प्रवासाचं पेट्रोल यांची जुळवाजुळव त्यानेच करायची. थोडक्यात, एक परमनंट एम्प्लॉयी, दुसरा आमच्यासारखा काँट्रॅक्टर!

जॉर्जिया राज्यातला डेल सिंगलटन असाच एक. हा डुकरं पाळायचा आणि एल्मर नावाचं डुक्कर चक्क शर्यतीला घेऊन यायचा. फ्लोरिडातली 'डेटोना २००' ही २०० मैलांची शर्यत १९३७ साली समुद्रकिनाऱ्यावर सुरू झाली आणि १९६१ पासून स्पीडवेवर होते. तिथली मोठी वळणं ३१ अंशांनी कललेली आहेत. सिंगलटनने ही शर्यत १९७९ आणि १९८१ अशी दोनदा जिंकली.

हे जमलं कसं? यामाहाने टीझेड ७५० ही खास रेसची गाडी पैसे मोजणाऱ्या कुणालाही विकायला काढली होती. कंपनीच्या रायडरची गाडी थोडी सरस असे, पण अंतर कापता येण्याजोगं होतं. टू-स्ट्रोक इंजिन मध्येच जाम झालं तर मागचं चाक अडकतं. म्हणून रायडर एक बोट कायम क्लचवर ठेवायचे. पार्ट आत्ता बदलायचा की आणखी एक रेस काढायची, हा निर्णय प्रायव्हेटियर खिशाकडे बघून घेणार, आणि चुकला तर हाडं त्याचीच मोडणार.

१९८५ साली विमान अपघातात सिंगलटन गेला. तेव्हा तो पुरता तरुण होता.

आता आपल्याकडे वळू या. माझे आईवडील अजून फोनवर विचारतात, "अरे, पण तुझी कंपनी कुठली?" दोन काँट्रॅक्टच्या मधले महिने आणि स्वतः भरायचा हेल्थ इन्शुरन्स मलाही ठाऊक आहे. त्यांची काळजी खोटी नाही.

उद्या तुमच्या मुलाने किंवा मुलीने अशीच आडवाट धरायची म्हटली, तर "लोक काय म्हणतील?" नका विचारू. विचारा : पैसे कुठून आणणार? लागलं-खुपलं तर बिल कोण भरणार? किती वर्षं प्रयत्न करणार? उत्तरं कागदावर मांडून आणली असतील, तर मग आपणही त्यांच्या बाजूने उभं राहायला हवं.