साध्या शिपायाची गोष्ट



युद्धपट म्हटला की रणगाडे, स्फोट आणि टाळ्या घेणारे संवाद डोळ्यांसमोर उभे राहतात. युद्धाचा खरा भार वाहणाऱ्या सामान्य शिपायाला मात्र पडद्यावर क्वचितच जागा मिळते.

१९५९ साली सोव्हिएत दिग्दर्शक ग्रिगोरी चुखराय यांनी ‘बॅलड ऑफ अ सोल्जर’ हा जेमतेम दीड तासाचा चित्रपट केला. त्यातला एकोणीस वर्षांचा अल्योशा भेदरलेल्या अवस्थेतच शत्रूचे दोन रणगाडे निकामी करतो आणि पदकाऐवजी रजा मागतो. आईच्या घराचे छप्पर दुरुस्त करायचे असते. वाटेत इतरांना मदत करता करता रजा सरते, आईच्या वाट्याला काही क्षणच उरतात. तो पुन्हा परतणार नाही, हे प्रेक्षकाला आरंभीच ठाऊक असते. साम्यवादाशी आपला मतभेद उघड आहे. पण वाट पाहणारी आई कोणत्याही एका विचारसरणीची नसते.

असे विषय आपल्याकडे कमी नाहीत. नगर जिल्ह्यातील निमजचे नामदेव जाधव हे मराठा लाइट इन्फन्ट्रीतील साधे शिपाई, निरोप पोहोचविणारे. ९ एप्रिल १९४५ रोजी इटलीतील सेनिओ नदीवर त्यांनी दोन जखमी सहकाऱ्यांना एकेक करून खोल पाण्यातून, सुरुंगांच्या पट्ट्यातून सुरक्षित आणले. हाताला जखम झाल्यावर बंदूक टाकून हातबॉम्बने शत्रूची ठाणी उद्ध्वस्त केली आणि बांधावर चढून मराठ्यांची रणगर्जना केली. त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. सैन्य परकीय सत्तेचे होते. शौर्य या मातीचे होते. एवढ्या एका प्रसंगावर उत्तम लघुपट होऊ शकतो.

कबनूरच्या मागांच्या खडखडाटापासून शिरोळ तालुक्यातील सैनिक टाकळी दूर नाही. त्या गावाने ‘सैनिक’ हा शब्द आपल्या नावातच धारण केला आहे. १९७१ च्या युद्धात विशीत असलेला जवान आज सत्तरी ओलांडून गेला आहे. त्याच्यासोबत त्याची आठवणही जाईल. आज भ्रमणध्वनीवरही चित्रण होते. उणीव आहे ती आस्थेने ऐकणाऱ्याची.

तरुणांनी त्याच्याजवळ बसावे. किती शत्रू मारले, हे आधी विचारू नये. पहिली रात्र कशी गेली, घरचे पत्र केव्हा आले, पडलेल्या सोबत्याच्या आईला कोण भेटले, हे विचारावे. न घडलेला पराक्रम जोडू नये. घडलेला वगळू नये. सैनिकाचे ऋण घोषणेने फिटत नाही. त्याचे म्हणणे शेवटपर्यंत ऐकून घेणे, हा त्या ऋणाचा पहिला हप्ता आहे.

वंदे मातरम्!