थेरगावची क्रिकेट शाळा

थेरगावात वेंगसरकर अकादमीच्या मैदानावर पाठीवर किट अडकवलेली मुलं आत शिरताना दिसतात. पॅड बांधून नेटपाशी नंबराची वाट बघणाऱ्या त्या मुलांमागे एका मोठ्या खेळाडूची दुसरी खेळी आहे.

दिलीप वेंगसरकर राजापूरचे. 116 कसोटी, 17 शतकं. त्यातली तीन लॉर्ड्सवर, 1979, 1982 आणि 1986 साली. पाहुण्या फलंदाजाने तिथे तीन कसोटी शतकं ठोकण्याची ती पहिलीच वेळ. निवृत्तीनंतर समालोचनाची खुर्ची त्यांना सहज मिळाली असती. पण 1995 मध्ये त्यांनी मुंबईत ओव्हल मैदानावर मुलांसाठी अकादमी काढली. पुढे ते निवड समितीचे अध्यक्ष झाले. 2008 मध्ये तरुण विराट कोहलीला भारतीय संघात घेतलं, ते याच समितीने. मला मात्र त्यांचं अकादमीचं कामच अधिक मोलाचं वाटतं.

कारण त्याचं फळ आपल्या शेजारीच आहे. जुन्या सांगवीचा ऋतुराज गायकवाड अकराव्या वर्षी वेंगसरकरांच्या थेरगावच्या अकादमीत आला. 28 नोव्हेंबर 2022 रोजी अहमदाबादला, विजय हजारे करंडकाच्या उपांत्यपूर्व सामन्यात, त्याने उत्तर प्रदेशच्या शिवा सिंगला एकाच षटकात सात षटकार मारले. पाचवा चेंडू नोबॉल होता, म्हणून सात! षटकात 43 धावा निघाल्या आणि ऋतुराज 220 वर नाबाद राहिला. पुढच्याच वर्षी हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत त्याच्या नेतृत्वाखाली भारताने सुवर्णपदक जिंकलं.